रिकाम्या बॅगांची फेरी

“काळी कुणी काढली?” ओदालिसने विचारलं, पण तोवर काळी बॅग फुटपाथवर आली होती आणि ओहायोहून आलेल्या एका धिप्पाड बाईने तिचा दांडा घट्ट धरला होता.

“मी,” ओस्मेल म्हणाला. “रंगीत संपल्या. मागच्या खोलीत झाडूंच्या आड ही सापडली. का गं राणी?”

“काही नाही.”

त्या खोलीतली एकूण एक बॅग रिकामी होती. ही एकटी भरलेली होती आणि ती ओदालिसची होती. उद्या सकाळच्या विमानाने ती घेऊन ओदालिस क्यूबाला जायची होती, बहिणीला भेटायला, आणि ही गोष्ट एका माणसाच्या कानावर जाऊ नये म्हणून तिने महिनाभर जिवाचा आटापिटा केला होता. तो माणूस म्हणजे तिचे वडील, एवेलिओ. ते या घटकेला याच फेरीच्या वाटेवर, म्हातारे दिवसभर सोंगट्या खेळतात त्या डॉमिनो पार्कातल्या नेहमीच्या टेबलाशी बसलेले होते.

रिकाम्या बॅगांचं प्रकरण असं. मायामीच्या आठव्या रस्त्यावरचे क्यूबन लोक वर्ष सरताना रिकामी बॅग हातात धरून आपल्या घराभोवती एक चक्कर मारतात. मारली म्हणजे नव्या वर्षात प्रवास घडतो, अशी समजूत. ओस्मेल जन्माने मायामीचा. क्यूबा त्याने पाहिला तो नकाशात. पण पोराची धंद्याची नजर तेज. त्याने विचार केला, लोकांनी डिसेंबरची वाट का पाहायची? त्याने जुन्या बाजारातून बॅगा उचलल्या, लाल-पिवळ्या-हिरव्या रंगवून घेतल्या आणि आपल्या पायी सहलीतल्या प्रत्येक पाहुण्याच्या हातात एकेक द्यायला लागला. तेव्हापासून मे असो की ऑगस्टचं ऊन, आठव्या रस्त्यावरून परदेशी पाहुण्यांची वरात रिकाम्या बॅगा खडखडवत निघायची आणि तिच्या पुढे छत्री उंच धरून ओदालिस.

त्यामुळे नशिबाची बॅग रोज दोनदा फिरवणारी अशी ती जगातली एकटीच बाई असावी. आणि लहानपणी बोटीतून या किनाऱ्यावर उतरली त्यानंतर प्रवास म्हणावा असा तिला एकही घडला नव्हता. लग्न झालं ते दोन गल्ल्या पलीकडे, मोडलं तेव्हा दोन गल्ल्या अलीकडे आली. घाण्याच्या बैलाला निदान डोळ्यांवर झापडं असतात. तिला सगळं दिसायचं. त्याच कोपऱ्यावर तोच रंगवलेला कोंबड्याचा पुतळा, त्याच खिडकीत तीच विड्या वळणारी बाई, आणि स्वतःच्या तोंडून बाहेर पडणारी तीच वाक्यं.

वडिलांचा डॉमिनोतला जोडीदार चेओ तिला चिडवायचा. “तुझं चुकतं कुठे सांगू? तू बॅग परत आणतेस. नशीब बघतं, म्हणतं, ही आली वाटतं जाऊन. मग ते झोपतं.”

“ती मी ओढते ना,” ओदालिस त्या ओहायोच्या बाईला म्हणाली. बाईचं नाव बार्ब. निवृत्त शिक्षिका होती आणि आवाजातून ते कळत होतं. “फार जड आहे ती, तुम्हाला त्रास होईल.”

“जड आहे म्हणूनच मला हवी!” बार्ब म्हणाली. “बाकीच्यांच्या बघा कशा पोकळ वाजतायत. हिच्यात काहीतरी भरलंय. किती खरी वाटते!”

“मीच भरायला सांगितलं,” ओस्मेलने लगेच ठोकून दिलं. एरवी तो फेरीबरोबर येत नसे. आज एका मोठ्या हॉटेलातली बाई सहल पारखायला आली होती. तिला आवडली तर हॉटेलातले पाहुणे इकडे वळणार होते, म्हणून ओस्मेलने कडक इस्त्रीचा पांढरा सदरा चढवला होता आणि तो तिच्या कोपराशी चिकटून चालत होता. तिच्यासमोर काही बोलायची सोय नव्हती. ओदालिसने छत्री वर धरली आणि पाऊल टाकलं. पाठीमागे सगळ्या बॅगा खडखड वाजू लागल्या, आणि त्यांच्यात एक चाकांची जोडी दबक्या आवाजात घरंगळत होती, पोटुशी बाई चालावी तशी.

घरात ती बॅग ठेवायला जागाच नव्हती. दोन खोल्या, एक कपाट, आणि वडिलांना कपाटात सतत काहीतरी शोधायचं असायचं. मागे एकदा तिकीट काढलं तेव्हा ते त्यांना उशीखाली सापडलं आणि त्यांच्या छातीत दुखायला लागलं. ॲम्ब्युलन्स आली, डॉक्टर म्हणाले काही नाही, पण तोवर विमान निघून गेलं. त्यानंतर एकदा नुसतं जाण्याचं नाव काढलं तर पुन्हा छाती. ढोंग करतात म्हणावं तर चेहरा खरोखर पांढरा पडायचा. खरं मानावं तर दुसऱ्या दिवशी सकाळी पार्कात हजर. शेवटी तिने आपलं सामान ओस्मेलच्या दुकानामागच्या खोलीत, रिकाम्या बॅगांच्या गर्दीत लपवलं होतं. भरलेली बॅग लपवायला याहून चांगली जागा कुठली? वडिलांना सांगितलं होतं, कामाचं शिक्षण घ्यायला चार दिवस ऑर्लँडोला जातेय.

“ऑर्लँडो,” एवेलिओ म्हणाले होते. “तिथे त्या कार्टूनमधल्या उंदराशिवाय आहे काय?”

कॉफीच्या खिडकीशी घोळका थांबला. खिडकीतली मिर्ता काळीभोर गोड कॉफी पेल्यात ओतत होती आणि ओदालिस चिमुकले कप पाहुण्यांना वाटत होती. “बॅगा इथे भिंतीला लावून ठेवा,” ती म्हणाली, आणि सगळे कॉफी फुंकण्यात गुंतलेले पाहून तिने काळी बॅग खिडकीच्या बाजूच्या दाराशी ओढली.

मिर्ताने मान बाहेर काढली. बॅगेकडे पाहिलं. दोन्ही कडांवर, चाकांवर, दांड्याच्या मुळाशी गुंडाळलेली चिकटपट्टी पाहिली. वर बांधलेली लाल फीत पाहिली.

“कधीची फ्लाइट?”

“श्श! हळू बोल.”

“अगं एवढी पट्टी कोण गुंडाळतं? ऑर्लँडोला जाणारे? एवेलिओंना सांगितलंस?”

“नाही. मिर्ता, ही आत ठेव. फेरी संपली की नेते.”

“ठेवते की.” मिर्ता आत वळली आणि बॅगेला हात लावायच्या ऐवजी एक पुडकं घेऊन आली. “सांता क्लाराच्या विमानतळावर उतरणार ना? माझ्या मावसबहिणीला एवढं दे. एवढंच एक. चश्मे आहेत, आणि पायाचं मलम.”

“जागा नाहीये, मिर्ता.”

“पुडक्याला काय जागा लागते?”

जाणाऱ्याच्या हाती काही न देणारा क्यूबन माणूस अजून जन्मायचा आहे, आणि नाही म्हणणाराही. मिर्ताने बॅगेची चेन हातभर उघडली, पुडकं गुडघ्याने आत दाबलं, आणि दोघींनी मिळून ती परत ओढून लावली. चेन लागली, पण जीव मुठीत धरून.

“अरेच्चा, माझी बॅग!” बार्ब कप हातात घेऊन हजर.

“ती इथेच राहू दे,” ओदालिस म्हणाली. “पुढे चढ आहे.”

“चढ?” ओस्मेल हसला. “मायामीत? आमच्या राणीला ऊन लागलं बहुतेक. नाही हं बार्ब, फेरी पुरी करायची. अर्ध्यावर सोडली तर प्रवास अर्ध्यावर राहतो.”

“तेवढं नको बाई,” बार्ब म्हणाली आणि तिने दांडा धरला.

मिर्ताने खिडकीतून ओदालिसकडे पाहिलं, छातीवर क्रूस काढला आणि पुढच्या गिऱ्हाइकाला विचारलं, साखर कमी की नेहमीची.

आता पार्क उरला. ओदालिसने शेवटचा डाव टाकला. “आज पार्कात गर्दी असेल,” ती हॉटेलवाल्या बाईकडे पाहून म्हणाली, “आपण पलीकडच्या बाजूने जाऊ. आइस्क्रीम छान मिळतं तिथे.”

ओस्मेल तिच्या कानाशी आला. “डोकं ठिकाणावर आहे का? अंड्यांचा विनोद राहील ना! त्या विनोदावर तर माझी सहल चालते.”

अंड्यांचा विनोद एवेलिओंचा होता. माणसं बोटींनी क्यूबा सोडून निघाली त्या वर्षी हेही निघाले. घरातून बाहेर पडताना शेजाऱ्यांनी, ज्यांच्याबरोबर कालपर्यंत कॉफी घेतली त्या शेजाऱ्यांनी, गद्दार गद्दार ओरडत अंडी मारली. एवेलिओ ही गोष्ट पाहुण्यांना सांगायचे आणि शेवटी म्हणायचे, “अंडी तेव्हा रेशनवर होती. महिन्यात दिसत नसत. मी बायकोला म्हटलं, अगं पळतेस काय, झेल! ऑम्लेट होईल!” पाहुणे पोट धरून हसायचे. चेओ ते रोज ऐकायचा आणि रोज टेबलावर थाप मारायचा.

त्या गोष्टीतला एक भाग एवेलिओ कधी सांगत नसत. पोलीस दाराशी आले तेव्हा थोरली मुलगी ग्रिसेल घरात नव्हती. शाळेतल्या मुलांना शेतावर कामाला नेत, तशी ती दूर तंबाखूच्या शेतावर होती. पोलीस म्हणाले, आत्ताच्या आत्ता निघा, नाहीतर बोट गेली. आई म्हणाली, थांबू. एवेलिओ म्हणाले, महिन्या-दोन महिन्यांत तिला बोलावून घेऊ. ग्रिसेल घरी परतली तेव्हा दाराला पोलिसांचं सील होतं आणि भिंतीवर अंडी वाळली होती. घरचे गद्दार निघाले म्हणून तिची शाळा सुटली. महिने गेले, वर्षं गेली, तिने तिथेच काइबारिएन गावात लग्न केलं. आई तिचं नाव घेत घेत इथे मायामीत वारली. त्या दिवशी एवेलिओंनी जाहीर केलं की जोवर तिकडे ते लोक खुर्चीत आहेत तोवर या घरातलं कुणी तिकडे पाय ठेवणार नाही. ठेवला तर मी मेलो समजा.

ते लोक म्हणजे सरकार. पण ओदालिसला फार वर्षांपूर्वीच उमगलं होतं की वडील सरकारला भीत नाहीत. ते ग्रिसेलला भितात.

घरात ग्रिसेलचं नाव निघत नसे. फारच मूड असला, सणाला एखादा घोट पोटात गेला, तर एवेलिओ म्हणायचे, “आमची ढब्बी शाळेत असताना अख्खी कोंबडी संपवायची.” ढब्बी. गोबरे गाल, जाड दंड, शाळेच्या गणवेशाला बाजूने जोड लावावा लागायचा अशी. त्यांच्या मनात ती तिथेच थांबली होती. ओदालिस बहिणीशी बोलायची ती जिन्यात उभी राहून, फोन हाताने झाकून. मागच्या वेळी ग्रिसेल म्हणाली होती, “येणार असशील तर ये बाई. धीर यायची वाट बघू नकोस.”

पार्कात चेओने आवाज आधी ऐकला. तो पाठमोरा बसला होता, हातात सोंगट्या, ओठांत विझलेली विडी.

“एवेलिओ,” तो म्हणाला, “तुझ्या पोरीची वरात आली. पण आज एक बॅग जड चाललीय.”

“तू सोंगट्यांकडे बघ. कान कशाला लावतोस?”

“माझी पाळी येईपर्यंत कानाचंच काम.”

एवेलिओंनी मान वर केली. पांढरा स्वच्छ शर्ट, कमरेला तपकिरी कातडी पट्टा, गाल गुळगुळीत. आयुष्यभर हॉटेलच्या धोबीखान्यात दुसऱ्यांचे कपडे घडी केले, पण स्वतः कधी चुरगळून बाहेर पडले नाहीत. त्यांनी लेकीला हात केला, आणि विनोदासाठी घसा साफ केला.

पार्काच्या दाराशी लाद्यांची एक उंच कड आहे. ओदालिस रोज तिथे थांबून म्हणायची, सांभाळा, पायरी आहे. आज ती हे म्हणायला विसरली. बार्बने दांडा झटक्यात वर ओढला, चाक कडेवर आपटलं, आणि मिर्ताच्या पुडक्याने आतून धक्का दिला. चेन एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत उलगडत गेली, अगदी सावकाश, केळ्याचं साल निघावं तशी.

सगळं बाहेर आलं. दुधाच्या पावडरचा डबा एका टेबलाखाली घरंगळत गेला. डोकेदुखीच्या गोळ्यांच्या बाटल्या. रश्श्यात टाकायच्या मसाल्याच्या वड्या. सुया, दोरे, इलॅस्टिक, साबण. कॉफीची पाकिटं, कॉफीच्या देशात न्यायला कॉफी. लसणाची माळ. मलमपट्टीचा कापूस. आणि मोठ्या माणसांच्या डायपरचं एक भलंमोठं पुडकं, ते उसळून बरोबर एवेलिओंच्या बुटाशी येऊन थांबलं.

पार्क गप्प झाला. डॉमिनो पार्क भर दिवसा गप्प होतो हे ओदालिसने त्यापूर्वी पाहिलं नव्हतं. कुणाला काही विचारायची गरज नव्हती. त्या बॅगेतल्या वस्तू पाहून इथलं शेंबडं पोरही सांगेल की ही बॅग कुठे निघालीय.

“अगं बाई!” बार्ब गुडघ्यावर बसली. “माझी चूक, माझीच चूक.”

“मुळीच नाही,” ओस्मेल म्हणाला. त्याने एकदा हॉटेलवाल्या बाईच्या चेहऱ्याकडे पाहिलं. ती भारावून फोनवर फोटो काढत होती. मग त्याने दोन टाळ्या वाजवल्या. बाकीच्या पाहुण्यांना वाटलं, हा कार्यक्रमाचाच भाग. त्यांनीही वाजवल्या. “राणी,” तो हळूच म्हणाला, “आधी सांगायचं होतंस! हे जबरदस्त आहे. हे आपण रोज करायचं. रोज, इथेच, म्हाताऱ्यांसमोर.”

ओदालिसला ते ऐकू आलं, पण दूरवरून. ती वडिलांकडे बघत होती. रोज. म्हणजे बॅग भरायची, फोडायची, भरायची. तसं बघितलं तर इतकी वर्षं दुसरं काय केलं होतं?

आधी उठला तो चेओ. हातातला डाव टाकून उठला. या पार्कात भूकंप झाला तरी माणसं आधी डाव संपवतील. तो वाकला, डायपरचं पुडकं उचललं, नाव असलेली बाजू खाली करून बॅगेत तळाशी ठेवलं आणि वर पटकन एक टॉवेल टाकला. मग दुसऱ्या टेबलावरचे उठले.

“डबा मध्ये ठेव, कडेला नको. कडेला ठेवलास तर विमानतळावर फेकाफेकीत चेपतो.”

“गोळ्या बाटलीतून काढ गं. मोज्यात भर. बाटलीचं वजन फुकट जातं.”

“कॉफी कपड्यांच्या घडीत. आणि हे बघ, तीन झगे अंगावरच घालून जा. अंगावरचं कुणी विचारत नाही.”

“अंगावरचंसुद्धा तोलतात हल्ली!”

“तुला रे कसं माहीत?”

जो तो दुसऱ्याकडे बघायला लागला. तिकडे पाय ठेवणार नाही म्हणून या टेबलांवर मुठी आपटलेली सगळी मंडळी. एवेलिओ खुर्चीतून त्यांच्याकडे, एकेकाच्या हाताकडे पाहत होते. त्या हातांना सगळं ठाऊक होतं. शेवटी त्यांची नजर चेओवर थांबली.

“तुला कसं माहीत, चेओ?”

“माझी शेजारीण जाते,” चेओ म्हणाला. त्याने विडी ओठाच्या या टोकाकडून त्या टोकाला नेली. “फार बोलते ती. भिंती पातळ आहेत.”

“शेजारीण.”

“दरवर्षी जाते.” चेओ खाली बघून लसणाची माळ गुंडाळत राहिला. “मार्चमध्ये. जेव्हा मी टँपाला पुतण्याकडे असतो.”

एवेलिओ उठले. त्यांच्या खुर्चीशी एक कपडा पडला होता, कुणी उचलला नव्हता. घरात घालायचा सैल झगा, निळ्या फुलांचा, दुकानातली चिठ्ठी अजून लटकत होती. त्यांनी तो दोन खांद्यांना धरून समोर उभा केला, इस्त्री करण्याआधी धरायचे तसा.

“हा कुणाचा?”

“ग्रिसेलचा,” ओदालिस म्हणाली. लोकांसमोर, मोठ्याने. नाव तिच्या तोंडून बाहेर पडलं आणि तिला वाटलं, आता छत कोसळेल. छत तिथेच राहिलं.

“तू वेडी आहेस का?” एवेलिओ म्हणाले. ते रागावलेसुद्धा नाहीत, त्यांना खरंच समजत नव्हतं. “ढब्बीला हा कसा बसेल? एवढंसं माप. तिचा एक दंड जाणार नाही यात. बदलून आण.”

“बसेल, पपा.”

“अगं पोरीचा झगा आहे हा.”

“पपा.” ती त्यांच्याजवळ गेली. “आता तिला हाच बसतो.”

ते झग्याकडे पाहत राहिले. मग बॅगेच्या तळाशी, टॉवेलच्या खालून डोकावणाऱ्या पुडक्याच्या कोपऱ्याकडे. मग पुन्हा झग्याकडे. त्यांचा उजवा हात हळूहळू छातीकडे निघाला.

आलं, ओदालिसला वाटलं. ॲम्ब्युलन्स, डॉक्टर, काही नाही, आणि उद्याचं विमान तिच्याशिवाय उडून जाणार. पुढच्या महिन्यात पुन्हा बॅग भरायची, पण तेव्हा ती कुणासाठी? एका क्षणी तिला वडिलांचा इतका संताप आला की ती स्वतःच हादरली. पडा, तिच्या मनात आलं. पडायचं तर पडा. मी जाणार.

“बस, एवेलिओ,” चेओ म्हणाला. “खाली बस, बाबा.”

हात छातीवरच्या खिशात गेला. खिशातून चश्मा निघाला. एवेलिओंनी तो डोळ्यांवर चढवला आणि मानेच्या आतल्या बाजूला शिवलेला मापाचा आकडा वाचला. पुन्हा वाचला. मग टेबलावरच्या सोंगट्या कोपराने बाजूला सारल्या, झगा पालथा पसरला, बाह्या आत घेतल्या, दोन्ही हातांनी सुरकुती मोडत एक घडी, दुसरी घडी. एवढासा झाला तो, वहीएवढा. घडी तोंडाजवळ नेतात की काय असं वाटलं, पण त्यांनी ती लेकीच्या हातात दिली.

“वर ठेव. चुरगळेल.”

बॅग बंद होईना. चेनचे दात गेले होते. चेओने गुडघा ठेवून पाहिला, बार्बने, बिचारीने, आपला सगळा भार टाकून पाहिला. कुणीतरी दोरी आणायला निघालं.

“सरका,” एवेलिओ म्हणाले.

त्यांनी कमरेचा पट्टा सोडला. पाटलोणीच्या एकेका लूपमधून शांतपणे काढला, बॅगेखालून घातला, वरून घेतला आणि पाय लावून ओढला. शेवटच्या भोकापर्यंत. कातडं करकरलं. बॅगेच्या पोटात खोल वळ पडला, पण तिने तोंड मिटलं. ते ताठ उभे राहिले आणि त्याबरोबर पाटलोण घसरली. वयाने कंबर कधीच गेली होती, पट्टा होता म्हणून कुणाला कळलं नव्हतं. त्यांनी डाव्या हाताने ती घट्ट धरली.

“हा परत आणायचा.”

“हो, पपा.”

“चांगलं कातडं आहे. तिथे कुणी मागितला तर द्यायचा नाही. तिथे मागतात.”

“हो.”

“चार दिवस म्हणालीस ऑर्लँडोला. चार दिवसांत परत.”

“हो.” पट्ट्याचं बक्कल तिच्या बोटांखाली अजून गरम होतं. तिला विचारायचं नव्हतं, पण तोंडातून निघून गेलं. “आणि ग्रिसेलने मागितला तर?”

एवेलिओ एका हाताने पाटलोण सावरत खुर्चीपाशी गेले, बसले, आणि टेबलाकडे पाहून म्हणाले, “पाळी कुणाची आहे?”

“डाव मोडला, एवेलिओ. नवा वाटायचा.”

“मग वाटा.”

“डॉन एवेलिओ!” ओस्मेल पुढे झाला, हॉटेलवाल्या बाईला हाताने जवळ आणत. “आमच्या पाहुण्यांना तेवढं अंड्यांचं सांगा ना.”

एवेलिओंनी वर पाहिलंच नाही. “अंडी संपली,” ते म्हणाले. “आज कॉफी पाजा त्यांना.”

बार्बने काळ्या बॅगेचा दांडा न बोलता ओदालिसच्या हातात दिला आणि तिची हिरवी छत्री आपण घेतली. घोळका पुढे सरकला. उरलेल्या बॅगा खडखडल्या. फेरी अजून पुरी व्हायची होती, दोन कोपरे, मग ओस्मेलचं दुकान, आणि दुपारची दुसरी फेरी. जड चाकं ओदालिसच्या मागे येत होती आणि पट्टा पावलागणिक करकरत होता, कुणीतरी मागून धरून चालावं तसा.

कोपऱ्यावरच्या कोंबड्यापाशी तिने वळून पाहिलं. टेबलावर सोंगट्या ढवळून वाटून झाल्या होत्या. एका हाताने सोंगट्या नीट उभ्या राहत नाहीत. एवेलिओ एक उभी करायचे तर शेजारची पडायची, आणि डावा हात त्यांना कमरेवरून काढता येत नव्हता. समोरून चेओ वाकला. जोडीदाराच्या सोंगट्या पाहणं म्हणजे तिथे चोरीच. त्याने मान पार रस्त्याकडे फिरवली, डोळे मिटले, आणि चाचपडत चाचपडत एवेलिओंचा डाव एकेक करून उभा करून दिला.